फुकटचा पहारेकरी

पोस्ट मोठी आहे. आत्ता वेळ नसेल तर सेव्ह करा आणि रात्री जेवणानंतर सावकाश वाचा. पण ज्यांच्या दुकानात, क्लासमध्ये, अभ्यासिकेत किंवा सोसायटीच्या ऑफिसात कॉम्प्युटरला कॅमेरा जोडलेला आहे, त्यांनी नक्की वाचा.

गेल्या काही दिवसांत इनबॉक्समध्ये एकच प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत आला. "जुना कॉम्प्युटर पडून आहे, वेबकॅम आहे. दुकानावर लक्ष ठेवायचं सॉफ्टवेअर हवंय. फुल व्हर्जन कुठे मिळेल?" आता 'फुल व्हर्जन' या शब्दाचा आपल्याकडचा अर्थ सगळ्यांना ठाऊक आहे. पैसे न भरता, क्रॅक मारून चालणारं. एकाने तर लिंकच पाठवली आणि विचारलं, "ही टाकू का?"

उत्तर एका शब्दाचं आहे: नको. पण नुसतं 'नको' म्हटलं की कुणी ऐकत नाही, आणि कारण कळल्याशिवाय ऐकूही नये. म्हणून थोडा इतिहास सांगतो. कॅमेरा, चोरीची कॉपी आणि दूरवरून दुसऱ्याच्या घरात डोकावणारा माणूस, या तिघांचे रस्ते गेल्या चाळीसेक वर्षांत वेगवेगळ्या गावांतून निघाले आणि एका जागी येऊन मिळाले. ती जागा म्हणजे तुमच्या काउंटरवरचा तो जुना कॉम्प्युटर.

केंब्रिजची कॉफी

जगातला पहिला वेबकॅम चोर पकडायला लावलेला नव्हता. तो लावला होता कॉफीसाठी. इंग्लंडमधल्या केंब्रिज विद्यापीठाच्या कॉम्प्युटर प्रयोगशाळेत संशोधक मंडळी वेगवेगळ्या मजल्यांवर बसायची आणि कॉफीचं मशीन मात्र एकच. जिने चढून-उतरून जावं आणि भांडं रिकामं दिसावं, असं रोजचं झालं. १९९१ साली क्वेंटिन स्टॅफर्ड-फ्रेझर आणि पॉल जार्डेट्स्की या दोघांनी भांड्यासमोर कॅमेरा लावला आणि त्याचं चित्र प्रत्येकाच्या स्क्रीनच्या कोपऱ्यात दिसेल अशी सोय केली. चित्र म्हणजे १२८ बाय १२८ ठिपक्यांचं, करड्या रंगाचं, मिनिटाला तीनेक वेळा बदलणारं.

१९९३ मध्ये ते चित्र वेबवर गेलं आणि जगभरातले लोक केंब्रिजमध्ये कॉफी उरली आहे की नाही हे घरबसल्या बघू लागले. २००१ साली कॅमेरा बंद झाला, तेव्हा ते मशीन ई-बेवरच्या लिलावात ३,३५० पौंडांना गेलं. घेणारं होतं जर्मनीतल्या 'श्पीगेल' साप्ताहिकाचं ऑनलाइन दालन.

गंमत बघा, ज्या खोलीबाहेर ते मशीन होतं तिचं नाव होतं 'ट्रोजन रूम'. पुढे वेबकॅमचा सगळ्यात मोठा शत्रू ज्या नावाने ओळखला जाणार होता तेच नाव. हा निव्वळ योगायोग.

तिथे बघणारे सगळे सहकारी होते आणि ज्याच्याकडे बघायचं ते भांडं होतं. भांड्याला लाज नसते. पण १९९४ मध्ये मॅकिन्टॉशसाठी शंभरेक डॉलरचा 'क्विककॅम' बाजारात आला आणि कॅमेरा प्रयोगशाळेतून लोकांच्या टेबलावर, घरात, मुलांच्या खोलीत शिरला. आता कॅमेऱ्यासमोर माणसं होती.

लाहोरचे दोन भाऊ

दुसरा रस्ता चोरीच्या कॉपीचा. हा कॅमेऱ्यापेक्षा जुना आहे. १९७६ साली विशीतल्या बिल गेट्सने हौशी कॉम्प्युटरवाल्यांना एक उघडं पत्र लिहिलं होतं. तक्रार अशी की आमचं बेसिक वापरतात बहुतेक सगळे, पण विकत घेणारे दहा टक्केही नाहीत. म्हणजे अब्जाधीश व्हायच्या आधीपासून हा माणूस पायरसीबद्दल कुरकुरत होता.

कॉपी आणि व्हायरस यांची गाठ पडली ती मात्र आपल्या शेजारी, लाहोरला. १९८६ साली बासित आणि अमजद फारुक अल्वी या दोन भावांनी 'ब्रेन' नावाचा प्रोग्रॅम लिहिला. आयबीएम पीसीवर पसरलेला पहिला व्हायरस म्हणून तो ओळखला जातो. फ्लॉपीच्या सुरुवातीच्याच भागात तो बसायचा आणि त्यात दोघा भावांचं नाव, दुकानाचा पत्ता आणि फोन नंबर लिहिलेला असायचा! आम्ही लिहिलेलं वैद्यकीय सॉफ्टवेअर लोक फुकट कॉपी करत होते, त्यांना धडा शिकवायला हे केलं, असं भावांचं म्हणणं.

पण 'टाइम' साप्ताहिकाने १९८८ मध्ये दिलेल्या वृत्तानुसार हेच भाऊ दुकानात 'लोटस १-२-३' आणि 'वर्डस्टार'सारख्या महागड्या अमेरिकी सॉफ्टवेअरच्या चोरट्या कॉपी अगदी किरकोळ किमतीत विकत होते. आणि परदेशी गिऱ्हाइकाला दिलेल्या फ्लॉपीत व्हायरस घालून देत होते.

माझ्या मते या विषयातला सगळा धडा या एका दुकानात आहे. स्वस्तात कॉपी देणारा माणूस त्या फ्लॉपीत आणखी काय घालतो, हे घेणाऱ्याला कधीच दिसत नाही. तेव्हाही दिसत नव्हतं. फरक इतकाच की त्या भावांनी निदान पत्ता आणि फोन नंबर दिला होता.

दूरवरचा हात

तिसरा रस्ता १९९८ चा. त्या वर्षी एका स्वीडिश प्रोग्रॅमरचं 'नेटबस' आलं आणि ऑगस्टमध्ये लास व्हेगासच्या डेफकॉन या हॅकर मेळाव्यात 'कल्ट ऑफ द डेड काऊ' नावाच्या गटाने 'बॅक ऑरिफिस' हे सॉफ्टवेअर जाहीर केलं. दोन्हींचं काम एकच. एक छोटी फाइल समोरच्याच्या विंडोजमध्ये शिरली की त्याचा कॉम्प्युटर दूर बसून चालवायचा. फाइली बघायच्या, टाइप केलेलं वाचायचं, सीडीचा ट्रे उघडून समोरच्याला घाबरवायचं. सुरुवातीला हे मस्करी म्हणून चाललं.

मस्करीची कुस्करी लगेच झाली. १९९९ मध्ये स्वीडनच्या लुंड विद्यापीठातल्या एका कायद्याच्या अभ्यासकाच्या ऑफिसातल्या कॉम्प्युटरवर लहान मुलांची अश्लील चित्रं सापडली. हजारो चित्रं. त्याची नोकरी गेली, नाव छापून आलं, देश सोडावा लागला, उपचार घ्यावे लागले. २००४ च्या अखेरीस न्यायालयाने त्याला निर्दोष सोडलं, कारण त्याचा कॉम्प्युटर नेटबसमधून दुसरंच कुणी चालवत होतं. मधली पाच वर्षं मात्र त्याला कुणी परत दिली नाहीत.

हे का सांगतो? कारण "माझ्या कॉम्प्युटरमध्ये चोरण्यासारखं आहेच काय" असं म्हणणारे पुष्कळ भेटतात. चोर फक्त न्यायलाच येतो असं नाही. तो ठेवायलाही येतो. आणि जे ठेवतो ते तुमच्या नावावर चढतं.

आपला लॅमिंग्टन रोड

आता जरा आपल्याकडे येऊ. नव्वदच्या दशकात आणि दोन हजारच्या सुरुवातीला मुंबईचा लॅमिंग्टन रोड म्हणजे असेंबल्ड कॉम्प्युटरची पंढरी. मदरबोर्ड एकाकडून, रॅम दुसऱ्याकडून आणि सगळं जोडून झालं की दुकानदार विंडोज, ऑफिस, फोटोशॉप 'टाकून' द्यायचा. बिलात त्याची ओळ नसायची. अमेरिकेच्या व्यापार खात्याने बदनाम बाजारांची यादी केली त्यात लॅमिंग्टन रोडचं नाव होतं.

त्या पिढीला मी नावं ठेवणार नाही. ज्या घरात महिन्याचा पगारच चार-पाच हजार, त्या घराने पगाराहून महागडं सॉफ्टवेअर कुठून आणायचं? त्या सीड्यांवर शिकून कितीतरी पोरं पुढे त्याच कंपन्यांत नोकरीला लागली. हेही खरं आहे आणि ते लपवायचं कारण नाही.

पण सवय राहिली. सॉफ्टवेअर कंपन्यांच्याच बीएसए या संघटनेच्या २०१८ च्या अहवालात भारतातलं ५६ टक्के सॉफ्टवेअर विनापरवाना असल्याचा अंदाज होता. शिवाय दुकानदाराच्या सीडीत आणि आजच्या लिंकमध्ये मोठा फरक आहे. सीडी देणारा गल्लीतला होता, त्याचं दुकान तिथेच असायचं, बिघडलं तर त्याच्या उरावर जाऊन बसता यायचं. आजचा क्रॅक देणारा कोण, कुठला, हे त्याला स्वतःलाच ठाऊक. आणि तो हे फुकट का करतोय, हा प्रश्न आपण विचारतच नाही.

यूनिक्स घडवणाऱ्यांपैकी एक, केन थॉम्पसन, यांनी १९८४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ट्युरिंग पुरस्काराच्या भाषणात हेच मांडलं होतं. प्रोग्रॅम वाचूनही सापडणार नाही अशी चोरवाट त्यात ठेवता येते, हे त्यांनी करून दाखवलं. निष्कर्ष असा की शेवटी विश्वास ठेवायचा तो प्रोग्रॅम लिहिणाऱ्या माणसावर. क्रॅकच्या बाबतीत तो माणूसच दिसत नाही.

क्रॅक नेमकं करतो काय?

मूळ सॉफ्टवेअर चालू होताना तपासतं की परवाना आहे का. क्रॅक करणारा ती तपासणी मोडतो, म्हणजे मूळ फाइल बदलतो किंवा तिच्या जागी स्वतःची ठेवतो. फाइल बदलली की कंपनीची डिजिटल सही तुटते. शिशीचं सील फोडून पुन्हा झाकण लावल्यासारखंच. आत मूळ औषध आहे की आणखी काही, हे बाहेरून ओळखता येत नाही.

सोबत एक टेक्स्ट फाइल येते आणि तिच्यात पहिली सूचना असते: अँटिव्हायरस बंद करा. दुसरी: ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा. तिसरी: अपडेट बंद ठेवा. म्हणजे कुत्रा बांधून ठेवा, तिजोरीची किल्ली द्या आणि पुढे कधी कुलूप बदलू नका. अँटिव्हायरस ओरडला तर "क्रॅक असला की ओरडतोच" असं आपणच एकमेकांना सांगतो. खऱ्या धोक्याला आणि खोट्या गजराला एकच उत्तर देण्याची सवय आपण स्वतःला लावून घेतली आहे.

याचं फळ काय मिळतं, याची दोन उदाहरणं. 'स्टॉप' किंवा 'डीजेव्हीयू' नावाचं खंडणीखोर सॉफ्टवेअर २०१८ पासून मुख्यतः क्रॅक आणि कीजेनमधूनच पसरलं. फाइली कुलूपबंद, किल्लीचे ९८० डॉलर, ७२ तासांत दिले तर ४९०. सूट देणारे दरोडेखोर! दुसरं 'क्रॅकोनॉश'. अवास्ट या अँटिव्हायरस कंपनीने २०२१ मध्ये ते उघड केलं. क्रॅक केलेल्या गेममधून येऊन ते विंडोजचं संरक्षण आणि अपडेट बंद करायचं आणि मालकाच्या विजेवर कुणा तिसऱ्यासाठी आभासी चलन खणत बसायचं. दोन लाख बावीस हजार कॉम्प्युटर आणि वीस लाख डॉलरच्या आसपास कमाई. सर्वाधिक फटका बसलेल्या देशांत भारत होता.

कॅमेऱ्याच्या सॉफ्टवेअरचं वेगळेपण

इथवरचं सगळं कुठल्याही पायरेटेड सॉफ्टवेअरला लागू आहे. मग कॅमेऱ्याच्या सॉफ्टवेअरचं वेगळं काय? इथे थांबून नीट समजून घ्या, पोस्टचा मुद्दा हाच आहे.

समजा क्रॅक केलेल्या फोटोशॉपमध्ये चोर लपलाय. त्याला तुमच्या घरात डोकवायचं तर बरीच खटपट करावी लागते. कॅमेरा चालू करावा लागतो, तो चालू केला की लॅपटॉपचा छोटा दिवा पेटतो. चित्रं बाहेर पाठवली तर इंटरनेट जास्त खर्च होतं, कुणाच्या तरी लक्षात येतं. कॉम्प्युटर बंद केला की त्याचं काम थांबतं.

आता कॅमेऱ्यावर लक्ष ठेवणारं सॉफ्टवेअर घ्या. कॅमेरा वापरायची परवानगी तुम्हीच दिलेली. दिवा आधीच पेटलेला, त्यामुळे इशारा म्हणून त्याचा उपयोग शून्य. चोवीस तास चालायला हवं म्हणून कॉम्प्युटर बंद होतच नाही. मोबाइलवर घरून बघता यावं म्हणून राउटरमध्ये बाहेरून आत यायची वाट तुम्हीच उघडलेली. व्हिडिओ बाहेर जाणारच, त्यामुळे डेटा जास्त गेला तरी कुणी चमकत नाही. शिवाय दुकानातले, गोडाऊनमधले, घरचे बाकीचे कॅमेरे त्यात जोडलेले असतील तर त्या सगळ्यांचे पासवर्ड त्याच सॉफ्टवेअरमध्ये साठवलेले.

म्हणजे चोराला जे जे लागतं ते सगळं या सॉफ्टवेअरचं रोजचं कामच आहे. त्याला भोक पाडावं लागत नाही. दार आपण उघडं ठेवूनच बसलेलो असतो, प्रश्न फक्त दाराशी कोण उभा आहे इतकाच. आणि तिथे आपण असा पहारेकरी उभा केलाय ज्याचं नाव, गाव, पगार देणारा मालक, काहीच ठाऊक नाही.

उघड्या डोळ्यांचा बाजार

ही भीती काल्पनिक नाही. 'ब्लॅकशेड्स' नावाचं हेरगिरीचं सॉफ्टवेअर चाळीस डॉलरला विकलं जायचं. मे २०१४ मध्ये अमेरिकेच्या एफबीआयने इतर देशांच्या पोलिसांसह त्यावर छापे घातले, नव्वदहून अधिक माणसं पकडली. शंभरहून अधिक देशांतले पाच लाखांवर कॉम्प्युटर त्याने बाधित झाले होते. वेबकॅम मालकाच्या नकळत चालू करणं हा त्याचा एक ठळक 'गुण'.

त्याच सुमारास २०१३ ची 'मिस टीन यूएसए' ठरलेल्या मुलीला धमकीचा ईमेल आला. तिच्याच खोलीतल्या कॅमेऱ्यातून काढलेले तिचे फोटो होते. ती मुलगी पोलिसांकडे गेली आणि उघडपणे बोलली. आरोपी निघाला कॅलिफोर्नियातला एक कॉलेजचा विद्यार्थी. त्याला २०१४ मध्ये अठरा महिन्यांची शिक्षा झाली.

आणि आता या बाजारातला सगळ्यात बोलका किस्सा. 'एक्सवर्म' हे असंच दुसऱ्याचा कॉम्प्युटर आणि कॅमेरा ताब्यात घेणारं सॉफ्टवेअर. ते तयार करून देणाऱ्या साधनाची 'फुकट' आवृत्ती टेलिग्राम, यूट्यूब वगैरेंवरून फिरवली गेली. नवशिक्या हॅकरांनी ती आनंदाने उतरवून घेतली. जानेवारी २०२५ मध्ये बंगळुरूच्या क्लाउडसेक या कंपनीच्या संशोधकांनी दाखवून दिलं की त्या फुकट आवृत्तीतच चोरवाट होती. १८,४५९ कॉम्प्युटर असे बाधित झाले, त्यात भारतातलेही बरेच. दुसऱ्याच्या खोलीत डोकवायला निघालेल्यांच्याच खोलीत कुणीतरी डोकावत बसलं होतं. लाहोरच्या दुकानातली फ्लॉपीच ही, चाळीस वर्षांनंतरची.

"परवानावाल्यांचंही तेच की!"

ही कमेंट येणार हे ठाऊक आहे, म्हणून आधीच बोलतो. हो, पैसे भरून घेतलेल्या गोष्टीही फुटतात. अमेरिकेत ट्रेंडनेट कंपनीच्या कॅमेऱ्यांत दोष निघाला आणि २०१२ च्या जानेवारीत सुमारे सातशे कॅमेऱ्यांचं थेट चित्रण इंटरनेटवर उघडं पडलं. पाळण्यातली बाळं दिसत होती. पण पुढे काय झालं ते बघा. कंपनीला दुरुस्ती काढावी लागली, ग्राहकांना कळवावं लागलं आणि तिथल्या फेडरल ट्रेड कमिशनने २०१३ मध्ये तिच्यावर वीस वर्षांसाठी दर दोन वर्षांनी सुरक्षा तपासून घेण्याचं बंधन घातलं. दोष सापडला, पण मान पकडायला कुणीतरी होतं. क्रॅकमध्ये कुणाची मान पकडणार? तक्रार करायला गेलात तर पहिला प्रश्न तुम्हालाच येईल.

उलट बाजूही सांगतो. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया राज्यातल्या एका शाळा मंडळाने विद्यार्थ्यांना लॅपटॉप दिले, त्यात चोरी झाल्यास शोधायला रीतसर विकत घेतलेलं सॉफ्टवेअर होतं. २०१० मध्ये उघडकीला आलं की त्यातून वेबकॅमचे फोटो आणि स्क्रीनची चित्रं मिळून ६६ हजारांवर प्रतिमा गोळा झाल्या होत्या, मुलं घरी असतानाच्यासुद्धा. मंडळाने ६ लाख १० हजार डॉलर देऊन दावे मिटवले. तेव्हा पावती आहे म्हणजे सगळं पवित्र, असं माझं म्हणणं नाही. पावती ही सुरुवात आहे.

आणि निष्काळजीपणाला तर परवाना लागतच नाही. २०१६ च्या 'मिराई'ने जगभरातले कॅमेरे आणि डीव्हीआर ताब्यात घेतले ते कारखान्यातून आलेले साठेक ठरावीक पासवर्ड एकापाठोपाठ एक लावून बघत. त्या फौजेने २१ ऑक्टोबर २०१६ ला अमेरिकेत ट्विटर, नेटफ्लिक्ससारख्या साइट काही तास आडव्या पाडल्या.

राजकोट, लातूर, सांगली

हे सगळं दूरदेशीचं वाटत असेल तर फेब्रुवारी २०२५ आठवा. राजकोटमधल्या एका प्रसूती रुग्णालयातलं, महिलांची तपासणी चालू असतानाचं चित्रण यूट्यूब आणि टेलिग्रामवर विकायला आलं. गुजरात पोलिसांनी ज्यांना अटक केली त्यांत लातूर आणि सांगलीकडचे तरुण होते. पोलिसांच्या हवाल्याने आलेल्या बातम्यांनुसार देशभरातून पन्नास हजारांच्या आसपास क्लिप चोरल्या गेल्या होत्या आणि शहरांच्या यादीत पुणे, मुंबई, नाशिकही होतं. रुग्णालयाच्या यंत्रणेचा पासवर्ड काय होता म्हणे? 'ॲडमिन१२३'.

तिथे क्रॅक नव्हता, साधा न बदललेला पासवर्ड होता. पण मला त्यातलं दुसरंच काही टोचतं. पासवर्ड न बदलणारा वेगळा आणि ज्यांचं चित्रण विकलं गेलं त्या बायका वेगळ्या. त्यांना कुणी विचारलं नव्हतं की कॅमेरा कुणाचा, सॉफ्टवेअर कुठलं.

पायरेटेड सॉफ्टवेअरबद्दल आपण नेहमी असं बोलतो की जोखीम माझी, कॉम्प्युटर माझा. कॅमेऱ्याच्या बाबतीत हे वाक्य खोटं आहे. दोन-चार हजार रुपये वाचतात क्लासवाल्याचे, चित्रण जातं क्लासमधल्या मुलींचं. पैसे वाचतात लॉजवाल्याचे, संसार उद्ध्वस्त होतो तिथे उतरलेल्या जोडप्याचा. वाचवणारा एक आणि भरणारा दुसराच.

आपल्या राज्यात हा प्रश्न आता आणखी मोठा झालाय. बदलापूरच्या घटनेनंतर ऑगस्ट २०२४ मध्ये राज्य सरकारने सगळ्या शाळांना महिनाभरात सीसीटीव्ही बसवायला सांगितलं. हेतू शंभर टक्के योग्य. पण ज्या शाळेत खडूसाठी वर्गणी काढावी लागते, तिथे महिनाभरात कॅमेरे बसवायचे तर काटकसर कुठे होणार? सॉफ्टवेअरमध्ये. कारण कॅमेरा भिंतीवर दिसतो, तपासणीला आलेले साहेब तो मोजतात. सॉफ्टवेअरचा परवाना कोण बघतं?

कायदा थोडक्यात

कॉपीराइट कायद्याचं कलम ६३ब: चोरीची कॉपी आहे हे ठाऊक असून कॉम्प्युटरवर वापरली तर किमान सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद टाळू शकतं. पण दुकान, क्लास, लॉज म्हणजे धंदाच. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ई आणि भारतीय न्याय संहितेचं कलम ७७ ही दोन्ही कुणाचं खासगी चित्रण चोरून काढणाऱ्या किंवा पसरवणाऱ्यासाठी. आणि २४ ऑगस्ट २०१७ ला सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी पुट्टस्वामी खटल्यात खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवलाय, तो तुमच्या दुकानात काम करणाऱ्या पोरीलाही आहे.

मग करायचं काय?

पैसे नसतील तर चोरी हाच पर्याय आहे असं नाही. 'झोनमाइंडर', 'फ्रिगेट' ही कॅमेऱ्यांवर लक्ष ठेवणारी सॉफ्टवेअर फुकट आणि खुली आहेत, त्यांचा कोड कुणीही वाचून तपासू शकतो. बसवायला थोडी डोकेफोड आहे, पण गावात एखादं इंजिनिअरिंगचं पोरगं असतंच, त्याला धरा. विकत घेतलेल्या कॅमेऱ्यासोबत कंपनीचं सॉफ्टवेअर बहुतेक वेळा येतंच, ते फक्त कंपनीच्या साइटवरूनच उतरवा.

पासवर्ड पहिल्या दिवशी बदला. कॅमेरे बसवणाऱ्याने ठेवलेला पासवर्ड म्हणजे त्याच्याकडे तुमच्या घराची चावी. अपडेट आलं की करा. कॅमेऱ्याचं तोंड गल्ल्याकडे, दाराकडे ठेवा, माणसं कपडे बदलतात, झोपतात, तपासून घेतात तिकडे नको. घरून बघायची खरंच गरज नसेल तर इंटरनेटला जोडूच नका.

आणि ज्यांनी क्रॅक आधीच टाकलाय त्यांनी नुसतं अनइन्स्टॉल करून समाधान मानू नका. आधी इंटरनेटची वायर काढा. दुसऱ्या, स्वच्छ मोबाइलवरून बँक, ईमेल आणि कॅमेऱ्यांचे पासवर्ड बदला. कामाच्या फाइली काढून घेऊन कॉम्प्युटर फॉरमॅट करा. राउटरमध्ये उघडलेली वाट बंद करा. कुणी चित्रण दाखवून पैसे मागत असेल तर एक पैसा देऊ नका, मेसेज पुसू नका, स्क्रीनशॉट घ्या आणि पोलिसांच्या सायबर शाखेकडे किंवा राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार करा. पैसे आधीच गेले असतील तर लगेच १९३० ला फोन लावा. ज्याचं चित्रण गेलं त्याचा यात काडीचाही दोष नाही, हे घरातल्या मुलामुलींना आजच सांगून ठेवा. उद्या तशी वेळ आली तर ती तुमच्याकडे येतील.

शेवटी एक विनंती. सोसायटीच्या पुढच्या सभेत, शाळेच्या पुढच्या पालकसभेत उभं राहून फक्त तीन प्रश्न विचारा. कॅमेऱ्याच्या सॉफ्टवेअरची पावती आहे का? पासवर्ड कुणाकुणाला ठाऊक आहे आणि शेवटचा कधी बदलला? रेकॉर्डिंग किती दिवस ठेवता आणि ते कोण बघू शकतं? उत्तर आलं नाही तर इतिवृत्तात नोंद करायला लावा. लोक हसतील, "आलाय मोठा शहाणा" म्हणतील. म्हणू द्या. काय उत्तर मिळालं ते कमेंटमध्ये लिहा, संस्थेचं नाव न घेता.